वर्ग गुणिले सासू

ग्वांगजूच्या त्या छोट्या संशोधन संस्थेत बान हेवॉनला नोकरी लागून दहाएक वर्षं झाली होती. लोकांच्या घरी जाऊन प्रश्न विचारायचे, उत्तरांचे आकडे करायचे आणि आकडे काय म्हणतात ते सरकारला सांगायचं, असं तिचं काम. यंदा तिच्याकडे आला होता समुद्राकाठचा एक तालुका. कांदा, लसूण आणि ओहोटीच्या चिखलातले शिंपले यांवर जगणारा. तरुण पोरी शहरात निघून गेलेल्या. मागे राहिलेल्या चाळिशीच्या मुलांनी लग्नं जुळवणाऱ्यांमार्फत व्हिएतनाममधून बायका करून आणल्या होत्या. या सुनांसाठी तालुका कचेरीने कोरियन भाषेचे वर्ग काढले. जागा कमी आणि अर्ज जास्त, म्हणून चिठ्ठ्या टाकल्या. जिची चिठ्ठी निघाली ती वर्गात, जिची नाही ती घरी. हेवॉनच्या दृष्टीने याहून चांगली गोष्ट नव्हती. दोन्हीकडच्या बायका एकसारख्याच, फरक फक्त नशिबाचा.

वर्षभराने दोन्ही गटांना विचारलं, आपल्या आयुष्याबद्दल तुम्हाला किती समाधान वाटतं? उत्तरांची सरासरी काढली. वर्गातल्या आणि घरातल्या बायकांमध्ये काडीचाही फरक नव्हता.

"शून्य," संस्थेचे प्रमुख पेक साहेब चष्मा कपाळावर सरकवत म्हणाले. "लिहून टाक. वर्ग झाले, भाषा आली, समाधान होतं तिथेच. कचेरीला तरी कुठे वर्ग चालवायची हौस आहे? सुटतील बिचारे."

"सर, भाषा एवढी सुधारली आणि आयुष्यात काहीच हललं नाही?"

"न हलायला काय झालं? मला चार भाषा येतात. मी समाधानी दिसतो का तुला?"

हेवॉन हसली नाही. तिला एक गोष्ट खटकत होती. घरी राहिलेल्या बायकांचे आकडे मधोमध गोळा झाले होते, आणि वर्गात गेलेल्यांचे दोन्ही टोकांना पांगले होते. परिणाम खरंच शून्य असता तर दोन्ही गट सारखेच दिसले असते. याचा अर्थ वर्गाने काहींना वर उचललं होतं आणि काहींना खाली ढकललं होतं, आणि बेरजेत या दोन्ही गोष्टींनी एकमेकींना पुसून टाकलं होतं.

मग कोणाला वर, कोणाला खाली? ती एकेक गोष्ट वर्गाशी गुणून पाहायला लागली, म्हणजे त्या गोष्टीनुसार वर्गाचा परिणाम बदलतो का ते. वय, मुलं आहेत की नाहीत, लग्नाला झालेली वर्षं, नवऱ्याचं शिक्षण. काही निघालं नाही. मग 'घरात सासू आहे का' हा प्रश्न घेतला आणि पडद्यावर दोन रेषांनी एकमेकींना कातरीसारखं छेदलं. नवरा-बायको दोघंच राहतात तिथे वर्गाने समाधान वाढलं होतं. सासू घरात आहे तिथे ते घसरलं होतं, तेही चांगलंच.

तिने कागद पेक साहेबांसमोर ठेवला. त्यांनी तो बराच वेळ पाहिला.

"किती गोष्टी गुणून पाहिल्यास?"

"बऱ्याच."

"मग एक तरी लागणारच की! अंधारात दगड मारत राहिलं तर कुत्रं कुठेतरी केकाटतंच. त्याला नेमबाजी म्हणत नाहीत, बाई."

हेवॉनला राग आला. पण म्हातारा खोटं बोलत नव्हता. वीस ठिकाणी शोधलं तर एखाद्या ठिकाणी निव्वळ योगायोगही सापडतो, हे तिनेच नव्या मुलांना कितीदा शिकवलं होतं. तिने कागद उचलला. दुसऱ्या वर्षीच्या वर्गांची उत्तरं नुकतीच आली होती आणि अजून कोणी उघडली नव्हती. तिने पेक साहेबांना आधीच लिहून दिलं : यात मी फक्त सासूचाच गुणाकार पाहणार, दुसरं काहीही नाही. मग फाइल उघडली. रेषा पुन्हा तशाच एकमेकींना छेदून गेल्या.

पेक साहेब या वेळी चष्मा कपाळावरून खाली घेऊन म्हणाले, "हं. आहे खरं. पण का?"

"माहीत नाही."

"मी सांगतो. ऐन कांद्याच्या लावणीत सून वर्गाला निघाली की म्हातारी चिडते. घरात भांडणं. संपलं."

हे पटण्यासारखं होतं. पण वर्ग हिवाळ्यातले होते आणि हिवाळ्यात शेतावर कोणी जात नव्हतं. शेवटी हेवॉनने बस पकडली.

बोलायला तयार असलेल्या काही घरांचे पत्ते वर्गाच्या शिक्षिकेने मिळवून दिले होते. त्यातलं एक तुयेतचं. तुयेत सत्तावीस वर्षांची, अंगाने बारीक. नवरा ग्वांगशिक शिंपल्यांच्या बोटीवर. आणि सासू पुन्नान आजी. हेवॉन पोचली तेव्हा अंगणात किमचीचा, म्हणजे कोबीच्या तिखट लोणच्याचा, घाट घातलेला होता. मिठात भिजलेल्या कोबीचे ढीग, मिरचीने लाल झालेलं पातेलं, आणि गुडघ्याएवढ्या रबरी बुटांत दोघी जणी.

"ये, बस," आजी म्हणाली. "सरकारची माणसं ना तुम्ही? हातमोजे घाल आणि मुळा किस. रिकाम्या हाताने बसलेली बाई मला बघवत नाही."

हेवॉन मुळा किसायला बसली. आजीचं तोंड हातापेक्षा जोरात चालत होतं.

"अगं मीठ! कोबी आहे तो, मुडदा नव्हे जतन करायला! पाहिलंस बाई? सात वर्षं झाली, अजून मीठ कळत नाही. तिच्या देशात कोबी झाडाला लागतो बहुतेक."

"तिकडेही जमिनीवरच लागतो, आई," तुयेत मान वर न करता म्हणाली.

"बघ! बघ कशी उलटून बोलते!" आजीने सुरी आपटली. "पूर्वी अशी नव्हती हो. काही बोललं तरी हसायची. इतकी गुणी पोर! त्या वर्गात गेली आणि तोंडाला धार आली. पूर्वी मी बोलत असले की शेजारी येऊन बसायची, आता मी आत आले की ही बाहेर. काय शिकवतात तिथे कोण जाणे."

"पूर्वी तुम्ही काय बोलायचात, आजी?" हेवॉनने विचारलं.

"हेच. आता बोलते तेच. मी कुठे बदलले?"

त्या दिवशीचं खरं बोलणं परतीच्या वाटेवर झालं. तुयेत तिला बसथांब्यापर्यंत सोडायला आली. वारा अंगात घुसत होता आणि दोघींच्या हातांना मिरचीचा वास येत होता.

"ताई, तुमच्या कागदावर मी खालचा आकडा लिहिला होता," तुयेत आपणहून म्हणाली. "त्याबद्दलच आलात ना?"

"तुझ्या एकटीबद्दल नाही. पण हो."

तुयेत थोडं चालली. मग म्हणाली, "मी आले तेव्हा मला एक शब्द येत नव्हता. आई सारखं माझ्याकडे बघून काहीतरी म्हणायच्या. शेजारणी आल्या की माझा हात धरून तेच म्हणायच्या. मला वाटलं, सुनेला इथे तसं म्हणतात. मी तो शब्द पाठ केला. पहिला माझा तोच. दुकानात गेले की तो सांगायचे, दवाखान्यात तो सांगायचे. मी पुन्नान आजींची अमुक."

"कुठला शब्द?"

"विकत आणलेली."

हेवॉन थांबली. तुयेत थांबली नाही, म्हणून तिला चार पावलं भरभर टाकावी लागली.

"वर्गात बाईंनी सांगितलं, एकेकीने उभं राहून आपली ओळख करून द्या. मी उठले आणि मोठ्याने म्हणाले, मी तुयेत, पुन्नान आजींची विकत आणलेली. बाईंचा चेहराच पडला. बाकीच्या हसल्या नाहीत, कारण त्यांनाही कळलं नव्हतं." तिने नाक पुसलं. "मग एकेक शब्द कळत गेला. जेवताना काय म्हणतात, माझ्या मुलाला झोपवताना आई त्याच्याशी माझ्याबद्दल काय बोलतात. पाच वर्षं मी त्या आवाजात झोपले होते, ताई. मला तो आवडायचा. वाटायचं, आई गाणं म्हणतात."

दूरवर बसचे दिवे दिसले.

"मग वर्गात गेलीस याचा पश्चात्ताप होतो?"

तुयेतने तिच्याकडे असं पाहिलं की हेवॉनला तो प्रश्न परत घ्यावासा वाटला.

"तुम्ही विचारलंत, समाधान वाटतं का. मी खरं ते लिहिलं. वर्ग नको, असं कुठे लिहिलं? मला काय बहिरी करून ठेवायचंय तुम्हाला?"

त्या आठवड्यात हेवॉन आणखी घरांत गेली. शब्द वेगळे होते, गोष्ट थोड्याफार फरकाने तीच. जिथे दोघंच राहत होती तिथे बायको बाजारात भाव करायला शिकली होती, डॉक्टरला दुखणं सांगायला शिकली होती, नवऱ्याशी भांडून पुन्हा गोडही होत होती. जिथे सासू होती तिथे भाषा आली आणि पहिल्यांदा ऐकू आलं.

अहवाल घेऊन ती आणि पेक साहेब तालुका कचेरीत गेले. समाजकल्याणाचे गिल साहेब चटपटीत माणूस. चहा येईपर्यंत त्यांनी तक्त्याच्या पहिल्या ओळीवर बोट ठेवलं होतं.

"हे काय? वर्गाचा परिणाम, चांगला वाढलाय! उगाच शून्य शून्य म्हणून घाबरवलंत आम्हाला."

"ती ओळ फक्त सासू नसलेल्या घरांची आहे," हेवॉन म्हणाली. "गुणाकार घातला की पहिल्या ओळीचा अर्थ बदलतो. सासू असलेल्या घरांसाठी तिच्यात खालची, वजा चिन्हाची ओळ मिळवावी लागते. मिळवा."

गिल साहेबांनी मनातल्या मनात हिशेब केला. चेहरा उतरला, मग पुन्हा खुलला.

"अहो, मग प्रश्नच मिटला! वर्ग फक्त सासू नसलेल्यांना द्यायचे. खर्च अर्धा, समाधान दुप्पट."

हेवॉनला हे अपेक्षितच होतं. तक्त्याकडे पाहिलं तर माणूस चुकीचं काही बोलत नव्हता.

"साहेब, समाधान कुठे वाढलं आणि कुठे घटलं, एवढंच हा तक्ता सांगतो. कोणाला भाषा शिकू द्यायची, ते यात नाही. या बायका वर्गामुळे दुःखी झाल्या नाहीत. घरात जे चाललं होतं ते त्यांना वर्गामुळे कळलं."

"पण दुःखी झाल्या ना? लोक मला विचारतील, सरकारी पैशाने दुःख का वाढवलंत?"

आता पेक साहेबांनी तोंड उघडलं. "गुणाकारात दोन आकडे असतात, गिल साहेब. वर्ग आणि सासू. तुम्ही पहिल्यालाच हात घालताय. दुसऱ्याकडेही बघा की."

"म्हणजे सासू बंद करू? तसा ठराव कुठल्या बैठकीत मांडू? माझी स्वतःची आई आहे घरात!"

सगळे हसले आणि खोलीतली हवा थोडी सैल झाली. शेवटी ठरलं ते असं : वर्ग आणखी वर्षभर, सासू असो वा नसो, सगळ्यांसाठी चालू राहतील, आणि सासवांसाठी जेवणासकट एक बैठक होईल. बैठकीला जेमतेम टेबलभर म्हाताऱ्या आल्या. पुन्नान आजी आली, जेवली, सुनेला काय म्हणू नये यावरचं भाषण ऐकताना डुलक्या घेतल्या आणि शेजारणीला म्हणाली, "चांगलं बोलली पोरगी. आमच्या गल्लीतल्या त्या किम्हाबाईने यायला हवं होतं."

तिसऱ्या वर्षाची उत्तरं गोळा व्हायच्या सुमाराला तुयेतचा फोन आला. ती, ग्वांगशिक आणि मुलगा तालुक्याच्या गावात भाड्याच्या घरात राहायला गेले होते. ती दवाखान्यात दुभाषी म्हणून काम करत होती. कसं काय जमलं, असं हेवॉनने विचारलं. "एके दिवशी आई म्हणाल्या ते मी ह्यांना जसंच्या तसं म्हणून दाखवलं," तुयेत म्हणाली. "मुलाच्या देखत. ते म्हणाले, आई असं कधी म्हणत नाही. मुलगा म्हणाला, रोज म्हणते. दुसऱ्या दिवशी हे घर शोधायला निघाले."

तिने या वेळी वरचा आकडा लिहिला होता. आता तिला कुठल्या रकान्यात टाकायचं? पेक साहेब म्हणाले, सरळ आहे, सासूशिवाय. हेवॉनने नकारार्थी मान हलवली. दुःखी सुना घर सोडून त्या रकान्यात जाऊन बसल्या, तर सासू असलेल्या घरांत फक्त सोसणाऱ्या उरतील आणि सगळा तक्ताच खोटं बोलायला लागेल. जिथून निघाली तिथलीच ती धरायची. तिने तुयेतच्या नावासमोर लिहिलं : सासूसोबत.

त्यानंतर कामानिमित्त हेवॉन पुन्हा त्या समुद्राकाठच्या गावात गेली तेव्हा पुन्नान आजीकडे डोकावली. आजी कोवळ्या उन्हात लसूण सोलत बसली होती. तिने हेवॉनला ओळखलं आणि लगेच अर्धी टोपली पुढे सरकवली.

"रविवारी येतात," आजी म्हणाली. "नातवाला घेऊन. ती काही बोलत नाही, मीही नाही. मीठ तेवढं ती आता बरं घालते." तिने लसणाचा पुढचा गड्डा फोडला. "तुमच्या त्या कागदावर सगळं तिलाच विचारलंत ना? मला नाही कोणी विचारलं."

हेवॉनच्या पिशवीत प्रश्नपत्रिका होत्या, पण त्या सुनांसाठी होत्या. त्यावरचा पहिला प्रश्न होता, तुम्ही कोणत्या देशातून आलात.

"विचारते," ती म्हणाली. "आजी, आपल्या आयुष्याबद्दल तुम्हाला किती समाधान वाटतं?"

"आधी लसूण सोल," पुन्नान आजी म्हणाली.