बाराच्या आतली भाकरी

"आधी हे घर सोड, मग कर डोक्याचा गोटा!" प्रभुअण्णा ओरडले, आणि राजेश्वरीची तव्यावरची भाकरी करपली.

आठवडाभर सोलापूरच्या भवानी पेठेतल्या या घरात हेच चाललं होतं. चिंचोळी एमआयडीसीत नोकरी करणारी त्यांची एकुलती एक लेक उर्वी येत्या रविवारी श्रामणेरी, म्हणजे नवदीक्षित बौद्ध भिक्खुणी, व्हायचं म्हणत होती. मुंडण, अंगावर चीवर, भिक्खुणींची शिस्त, सगळं तिनं मनाशी पक्कं केलं होतं. पण आई-वडिलांच्या अनुमतीशिवाय दीक्षा मिळत नाही. ती विचारायला तिच्या गुरू आर्याजी आज घरी येणार होत्या.

"बुद्धाला माझा विरोध हाय का?" प्रभुअण्णांनी शोकेसमधल्या सोनेरी मूर्तीकडे बोट केलं. कर्नाटकातल्या बायलकुप्प्याच्या तिबेटी मठातून त्यांनीच ती आणली होती. "तिकडं जा की! मी सोडायला येतो. लोक म्हणतील, पोरगी ध्यानाला गेली. पण रुळापलीकडच्या वस्तीतल्या विहारात?"

"म्हणजे तिबेटी बुद्ध चालतो, रुळापलीकडचा चालत नाही. असंच ना अप्पा?"

लेकीच्या लांब वेणीकडे पाहिलं की राजेश्वरीला भडभडून येई.

अकरा वाजून गेल्यावर आर्याजी आल्या. हातात भिक्षापात्र, नजर खाली. भिक्षेला दारी आलेला जंगम या लिंगायत घरातून कधी रिकामा गेला नव्हता. सवयीनं प्रभुअण्णा उठले, त्यांच्या पाया पडले आणि हात जोडून म्हणाले, "बसा. आपण श्रीलंकेच्या म्हणे?"

"शिकले तिथं. जन्म इथलाच, रुळापलीकडचा. बजाबाईची मुलगी मी. तुमच्या वडिलांच्या चादरीच्या कारखान्यात आई सुताच्या कांड्या भरायची."

प्रभुअण्णांचे जोडलेले हात सुटले.

भाकरी आणि शेंगाचटणी घेऊन आलेल्या राजेश्वरीला त्यांनी हात आडवा घातला. "थांब."

उर्वी आईच्या कानाशी कुजबुजली, "अव्वा, त्या बारानंतर जेवत नाहीत. आणि कुणी दिल्याशिवाय घासही घेत नाहीत."

पूर्वी बाराला गिरणीचा भोंगा व्हायचा आणि अख्खी पेठ जेवायला बसायची. आता नुसती भिंतीवरच्या घड्याळाची टिकटिक ऐकू येत होती.

"कांड्या भरणारीच्या पोरीकडून माझी पोरगी दीक्षा घेणार?"

"अण्णा," आर्याजींचा आवाज चढला नाही, "आईनं भरलेल्या कांड्यांची चादर तुम्ही अंगावर घेतलीत. तिचा पाण्याचा माठ मात्र वेगळा होता. अनुमती द्या किंवा देऊ नका, तो तुमचा हक्क. फक्त 'नाही' कशापायी म्हणताय, ते स्वतःला विचारा. लेक दुरावेल म्हणून, की जात आड येते म्हणून?"

"त्यांना काय विचारता? मी सांगते!" राजेश्वरी एकदम बोलली आणि नवऱ्याकडे वळली. "अहो, गळ्यातलं लिंग काढून ठेवा आधी!"

"काय बोलतीस!"

"रोज हातावर घेऊन पूजता ना? आपल्या शरण संतांनी कुणाला जात विचारून जवळ केलं होतं का? आत्ता यांच्या पाया पडलात! आईचं नाव कळलं अन् हात आखडला? पोरीची वेणी जाताना मला बघवणार नाही. मी रडीन. पण जातीपायी नाही म्हणणार नाही. माझी अनुमती आहे!"

प्रभुअण्णांचा हात गळ्याशी गेला. काटा बाराकडे सरकत होता. त्यांना कारखान्याच्या कोपऱ्यातला तो माठ आठवला, आणि त्यावर पालथा घातलेला फुटक्या कानाचा पेला.

त्यांनी राजेश्वरीच्या हातातली भाकरी घेतली. भाकरी त्यांनी पात्रात ठेवली.

"बजाबाई... हायत का?"

"गेली."

"आमच्या घरी त्या कधी जेवल्या न्हाईत."

"आज मी जेवते की," आर्याजी हसल्या.

प्रभुअण्णांनी डोळे पुसले. "चटणी वाढ गं. आन् उर्वे, रविवारी मी बी येतो. तुजे केस झेलायला आपली सोलापुरी चादर आणतो. पण रडणार मी, आत्ताच सांगून ठेवतो!"

"रडा की अप्पा!" म्हणत उर्वी स्वतःच रडू लागली.

बंधुभगिनींनो, गिरण्यांचे भोंगे कधीच थांबले. पण तो वेगळा माठ कितीतरी घरांच्या मनात अजून भरलेला आहे. बुद्धाची मूर्ती घरात आणणं सोपं, त्याच्या माणसांना पंगतीला घेणं अवघड. मूर्ती आणण्याआधी तो माठ फोडूया!