आलोच

तारखेच्या शिक्क्यातला रबरी पट्टा मध्येच अडकून बसला होता; आकड्याचं डोकं कालचं, पाय आजचे. तो अंगठ्याच्या नखानं पट्टा पुढे ढकलत राहिला, नखात जांभळी शाई शिरली, पण पट्टा ढिम्म हलेना... खरं तर या खोलीत आता शिक्क्याचं फारसं काम उरलं नव्हतं, सगळं संगणकावर चालायचं, फक्त कागदावर येणारे परताव्याचे अर्ज तेवढे, म्हणजे कुणी आजारी पडलं, कुणी गेलंच, अशांचे, त्यांच्यावर तारीख उमटवावी लागे. तरीही सकाळी आल्या आल्या तारीख पुढे सरकवल्याशिवाय त्याला खुर्ची आपली वाटायची नाही. आज मात्र पट्टा अडकला याचं त्याला मनातून बरंच वाटलं. मग बरं वाटल्याची लाज वाटली, आणि त्यानं शिक्का खणात टाकून दिला.

विमान कंपनीत नोकरी म्हटलं की लोकांना वाटतं, हा रोज ढगांत वावरतो. त्याच्या खिडकीतून दिसायचा तो समोरचा धुलाई कारखाना. विमानातली पांघरुणं तिथे धुवायला येत आणि दिवसभर धुराड्यातून पांढरी वाफ निघे — ढग म्हणायचे तर तेच. त्याचं काम विमानात बसणाऱ्यांचं नव्हतंच मुळी, न बसणाऱ्यांचं होतं. तिकीट विकलं की कमाई झाली असं बाहेरच्यांना वाटतं, तसं नसतं. माणूस उडेपर्यंत त्याचे पैसे कंपनीकडे नुसते ठेवलेले असतात, देणं म्हणून. उडाला की कमाई. त्यानं परत मागितले की परत. आणि आलाही नाही, मागितलंही नाही, मुदत उलटून गेली, तर जप्त — म्हणजे पुन्हा कमाईच. पण या तिसऱ्या जातीसाठी मुदत उलटायची वाटसुद्धा बघत नाहीत. शंभरातले किती जण येणार नाहीत याचा मागच्या वर्षांवरून आधीच अंदाज बांधायचा, आणि बाकीचे जसजसे उडत जातील तसतसा त्या न येणाऱ्यांचाही वाटा थोडा थोडा कमाईत धरत जायचा. माणूस घरी बॅग भरायची की नाही या विचारात असतो आणि इकडे त्याचं न येणं जमेला लागायला सुरुवात झालेली असते. हा अंदाज तो बांधायचा. म्हणून सगळे त्याला अंदाजपंत म्हणायचे, आणि मोठे साहेब खुशीत असले की ‘काय पंत, अंदाजपंचे दाहोदरसे?’ असं विचारून स्वतःच हसायचे. त्याचा अंदाज क्वचितच चुकायचा. न येणारी माणसं त्याला आतून कळत.

कळणारच. त्याच्याही नावावर एक तिकीट होतं.

गेल्या वर्षी बायकोनं पाठवलेलं. फक्त जाण्याचं, तारीख न घातलेलं, सगळे पैसे परत मिळणारं, वर्षभर मुदतीचं. ती कानाची यंत्रं बसवते. ऐकू न येणाऱ्या माणसाच्या कानामागे ते इवलंसं यंत्र लावून त्याच्या चेहऱ्याकडे बघत बसते, पहिला आवाज पोचेपर्यंत. त्या दुसऱ्या शहरातल्या मोठ्या इस्पितळानं तिला बोलावलं तेव्हा दोघांचं ठरलंच होतं, तिनं पुढे व्हायचं आणि यानं मागून जायचं. त्याला कर्मचारी म्हणून जवळजवळ फुकट जाता आलं असतं, पण ती सवलत शेवटी जागा उरली तरच. म्हणून बायकोनं स्वतः पुरे पैसे भरून तिकीट काढलं आणि खाली एक ओळ लिहून पाठवली — उरलेल्या जागेवर बसून येऊ नकोस.

ती ओळ त्याला पाठ होती. आणि आज मुदतीचा शेवटचा दिवस होता, संध्याकाळचं एक विमान उरलं होतं. त्यात बसायचं, नाहीतर त्याआधी पैसे परत मागायचे, नाहीतर... नाहीतर काहीच करायचं नाही. ‘काहीच करायचं नाही’ यासाठी काहीच करावं लागत नाही, ही त्यातली सोय.

सकाळी आईनं चहा पुढे सरकवता सरकवता विचारलं होतं, “आज शेवटचा दिवस ना रे तुझ्या तिकिटाचा?”

त्याचा कप हातातच राहिला. “तुला कुणी सांगितलं?”

“सून सांगते. तू तोंडाला कुलूप लावलंस म्हणून तिनंही लावायचं की काय?” आई शब्दकोड्यात डोकं घालून बसली होती, वर न बघताच बोलत होती. “आणि हे बघ, माझ्या नावावर काही खपवायचं नाही. गुडघे कुरकुरतात, ते तू इथे असलास तरी कुरकुरतातच. शेजारीण आहे, डॉक्टर खालच्याच मजल्यावर आहे. नाचता येईना अंगण वाकडं — तसं मी तुझं अंगण व्हायला तयार नाही.”

तो हसला. हसल्यासारखं केलं. बसमध्ये मात्र ते हसू टिकलं नाही, कारण वर्षभर काय, तिकीट येण्याच्याही आधीपासून तो फोनवर ‘आईचं जरा बघतो आणि...’ असंच म्हणत आला होता, आणि ते खोटं आहे हे आईला ठाऊक होतं, बायकोला ठाऊक होतं, फक्त सगळ्यांनी त्याच्यावर दया म्हणून ते खरं धरलं होतं. आता आईनं आपला हात काढून घेतला. भिंत समजून टेकलो ती भिंतच उठून चहा गाळायला निघून गेली. मग मला अडवलंय कुणी? नोकरीनं? तिथेही कंपनीचं ऑफिस आहे, बदली मागितली तर मिळेल, मोठे साहेब दोन दिवस कुरकुरतील आणि सही करतील. घरानं? घराला काय, कुलूप नाहीतर आई, दोन्ही समर्थ आहेत. कुणीच अडवलेलं नाही. दार सताड उघडं आहे आणि मी आत कोंडलेला आहे — हे कुणाला सांगायची सोय नाही, लोक वेड्यात काढतील.

“सर, हा टक्का कुठून आला?”

ऑडिटला आलेली मुलगी. कालपासून ती समोरच्या टेबलावर बसली होती, सर्दीनं नाक लाल झालेलं, कागदी रुमालांचा खोका पोटाशी धरलेला. हुशार होती; खोकत, शिंकत, माफी मागत ती नेमकी नको तिथे बोट ठेवायची. त्यानं तिला समजावून सांगितलं, मागची वर्षं, गर्दीचे महिने, तिकिटांचे प्रकार. ती मान डोलवत राहिली. मग एका ओळीवर थांबली.

“पण ही तर पैसे परत मिळणारी तिकिटं आहेत. यांच्यावरही तुम्ही अंदाज धरता?”

“थोडा. मुदतीच्या शेवटच्या दिवसापर्यंत परत मागता येतात. पण काही जण मागत नाहीत.”

“जातही नाहीत?”

“जातही नाहीत.”

“पूर्ण पैसे परत मिळत असताना?” तिनं रुमाल नाकाशी धरला आणि वरून डोळे मोठे केले. “अशी कोण माणसं असतात हो सर? विसरतात का?”

विसरतात, असं म्हणून सुटता आलं असतं. ऑडिटच्या कागदांत ते उत्तर शोभलंही असतं. पण त्याच्या तोंडून निघालं, “नाही. त्यांना रोज आठवण असते.”

ती लिहिता लिहिता थांबली, त्याच्याकडे बघितलं, काही विचारावं की नाही असं तिच्या चेहऱ्यावर आलं — आणि तेवढ्यात तिला शिंक आली. देवानंच दिली असावी. तो उठून खिडकीशी गेला.

रोज आठवण असते, मॅडम. सकाळी दाढी करताना असते, बसमध्ये असते. तिकीट शाबूत आहे म्हणजे जाणं शाबूत आहे, आणि जाणं शाबूत आहे तोवर लग्नही. गेलो की खरं काय ते कळेल. तिनं फोनवर एकदा तिचं घर फिरवून दाखवलं होतं, खिडकीपाशी एक पिवळा दिवा होता, छान होता, आणि तो घेताना तिनं मला विचारलं नव्हतं — का विचारावं? — पण त्या दिव्याच्या उजेडात ती पुस्तक घेऊन अशी बसली की त्या खोलीत काही कमी आहे असं वाटेचना. तिथे मी जाणार तो पाहुणा. चपला कुठे काढू विचारणारा. भीती वाटते, सरळ सांगायचं तर. पैसे परत मागावेत तर तिच्या खात्यात ते जातील आणि तिला कळेल की यानं नाही म्हटलं. नाही म्हणायचं धैर्य नाही, हो म्हणायचं नाही. म्हणून ठेवलेलं असतं तिकीट. कळलं?

आणि दर फोनच्या शेवटी ती विचारायची, “मग?” आणि तो म्हणायचा, “आलोच.”

आलोच. हा शब्द त्याला आता खिडकीशी उभं असताना पहिल्यांदाच नीट ऐकू आला. काय भाषा आहे! पाय घरातच, आणि क्रियापद पोचलेलं. आतल्या खोलीतून कुणी हाक मारली की आलोच, दारात रिक्षा थांबली की आलोच, ताट वाढलंय, आलोच — झालेलं काहीच नाही आणि बोलायचं झाल्यासारखं. माणूस उडायच्या आधीच कमाईत धरून मोकळा. ऑडिटवाल्यांनी एकदा हा शब्द तपासायला घ्यायला हवा. त्यालाच हसू आलं, आणि लगेच ते मावळलं, कारण तो शब्द त्यानं किती वेळा दिला होता आणि तिनं दर वेळी “बरं” म्हणून घेतला होता.

जेवणाच्या सुट्टीत तिचा फोन आला. सुट्टीत खोली रिकामी असायची.

“कामात नाहीस ना?” ती म्हणाली. मागे इस्पितळातली गडबड ऐकू येत होती, कुणीतरी खूप मोठ्यानं बोलत होतं. तिथे सगळे मोठ्यानंच बोलतात. “मी आग्रह करायला फोन केलेला नाही.”

“माहीत आहे.”

“आलास तर मला दिसेलच. पैसे परत मागितलेस तर मला निरोप येईल, तेही चालेल. खरंच चालेल, मी रडेन थोडी, पण चालेल. तिसरं नको करूस.”

त्यानं नखातली शाई खरवडायला घेतली.

“तिसरं मला कळणारच नाही. ते फक्त तुझ्या कंपनीला कळेल. आपलं काय झालं ते तुझ्या कंपनीनं मांडून ठेवायचं आणि मला पत्ता नाही — असं नको.”

त्यानं विचारलं, वर्षभर आतल्या आत विचारत होता तेच शेवटी विचारलं, “तू काय धरलं होतंस? मी येईन की नाही?”

पलीकडे मोठ्यानं बोलणारा माणूस एकदम थांबला होता.

“मी काहीच धरलं नाही,” ती म्हणाली. “मला येत नाही तुझ्यासारखं धरता. मी नुसतं तिकीट काढलं.”

मग तिला कुणीतरी हाक मारली, ती फोनच्या बाहेर तोंड करून “आले” म्हणाली आणि गेली. तिचं ‘आले’ म्हणजे खरोखर चार पावलांत आलेली असते. हे त्याला माहीत होतं.

काहीच धरलं नाही... हे त्यानं गृहीत धरलेलं नव्हतं. त्याची पक्की समजूत होती की तिनं मनातल्या मनात केव्हाच हिशेब मिटवला असणार, बायका शहाण्या असतात, बायको तर फारच शहाणी, पहिल्या महिन्यातच तिनं ओळखलं असणार की हा काही येत नाही, आणि पुढचं सगळं, ते फोन, ते ‘मग?’, नुसतं रीत म्हणून. त्या समजुतीत त्याचं वर्ष आरामात गेलं होतं. ज्याला सगळ्यांनी आधीच वजा केलंय त्यानं न येण्यात काय वाईट? कुणाचं काही जात नाही. आणि इथे ती प्रत्येक ‘आलोच’ ऐकून खरंच दाराकडे बघत होती की काय? तिचा त्याला राग आला. असा राग की कानशिलं तापली. अगं, धरायचं होतंस ना! सगळं जग धरतं. थोडं थोडं धरत गेली असतीस तर आज... आज माझ्या अंगावर असं एकदम कोसळलं नसतं.

दुपार सरली. ऑडिटच्या मुलीनं कागद आवरले, त्या ओळीवर अजून एक शंका आहे, उद्या विचारीन, म्हणाली, आणि रुमालांचा खोका बगलेत मारून निघून गेली. उद्या. खोलीतले बाकीचेही एकेक करून उठले. त्याच्या पडद्यावर त्याचंच तिकीट उघडं होतं. त्यानं केव्हा उघडलं त्याला आठवत नव्हतं. एका बाजूला जागा निवडा, दुसऱ्या बाजूला परतावा मागा, आणि मध्ये रिकामं पांढरं, जिथे काहीच दाबायचं नसतं. विमानाला अजून अवकाश होता. फार नाही, पण निघालं तर पोचेल इतका होता, आणि हाच तर ताप होता; अवकाश संपला असता तर सुटला असता. बॅग नाही. दाढीचं सामान नाही. आईला सांगितलेलं नाही — आईला काय सांगायचं, तिनं सकाळीच ऐकवलंय. अंगावर हा एक शर्ट, नखात शाई. अशानं कुणी जातं का? न जाणाऱ्याची लक्षणं त्याला तोंडपाठ होती, आणि त्यानं धंद्याच्या सवयीनं ती स्वतःला लावून पाहिली: शेवटच्या दिवसापर्यंत जागा न निवडलेली, सामान न नोंदवलेलं, एकटा. कुठल्याही वर्षाच्या आकड्यांत असा माणूस आला नसता. उत्तर सरळ होतं. पण ते उत्तर आज मनात ठरेचना, पुन्हा पुन्हा घसरून पडायला लागलं.

झाडूवाल्या बाई दारात आल्या. “साहेब, दिवे घालवू का? निघताय ना?”

“हो,” तो म्हणाला.

कुठे, ते त्यांनी विचारलं नाही. विचारलं असतं तर काय सांगितलं असतं याचा त्यानं अंदाज घेऊन पाहिला. हजारो अनोळखी माणसांचा त्यानं आजवर घेतला होता, आणि तो क्वचितच चुकला होता. हा खुर्चीतला माणूस उठून कुठे जाईल, हे त्याला सांगता येईना.