सहा बटणं

मुख्याध्यापिकांची चिठ्ठी चार ओळींची होती. मुलगी हुशार आहे पण आळशी आहे. फळ्यावरचं उतरवून घेत नाही, खेळाच्या तासाला तयार होऊन सर्वांत शेवटी येते. तिला यंदा पुन्हा दुसरीतच बसवावं असं शाळेचं मत आहे, तरी शुक्रवारी मुलीला घेऊन भेटावं.

भिंगरीच्या आईला त्यातला 'आळशी' हा शब्द झोंबला, कारण वर्षभरापूर्वीपर्यंत तो तिच्याही तोंडात होता.

ती कपड्यांच्या कारखान्यात चाळीस मशीनच्या रांगेवर सुपरवायझर होती. गळ्यात स्टॉपवॉच, आणि कुठल्या बाईचा हात कुठे अडतो ते लांबून ओळखणारी नजर. अशा बाईच्या मुलीला जाकिटाची सहा बटणं लावायला पंधरा मिनिटं लागत. पोटात असताना फार फिरायची म्हणून आजीने हिचं नाव भिंगरी ठेवलं होतं. आता ती दाराच्या चौकटीवर खांदा आपटायची, पेला धरता धरता सांडायची, आणि तीच आजी म्हणायची की हिच्या हातात दिलेली वस्तू आणि खाली पडलेली वस्तू एकच.

आईने मग कारखान्यातलं घड्याळ घरी आणलं. रोज सकाळी बटणांना पाच मिनिटांचं टार्गेट. पहिल्या आठवड्यात पंधराची अठरा झाली. दुसऱ्या आठवड्यात जाकीट दिसलं की मुलीच्या पोटात दुखायला लागलं.

डॉक्टरांनी थेरपिस्टकडे पाठवलं. त्या बाईंनी तासभर भिंगरीला चेंडू झेलायला, एका पायावर उभं राहायला, मणी ओवायला लावलं. मग आईला समजावलं. स्नायूंत दोष नाही, बुद्धी तर चांगलीच आहे. हालचालींची जुळवणी होत नाही. आपण एखादी गोष्ट पुष्कळदा केली की हात ती आपसूक करतात. हिला शंभराव्या वेळीही एकेक बोट ठरवून हलवावं लागतं. लिहायचं, तर सगळं लक्ष पेन्सिलीतच संपतं. अशी मुलं बहुतेक वर्गांत असतात, धांदरट म्हणून त्यांना सोडून दिलं जातं. रागावून हे जात नाही. कामाचे तुकडे पाडा, एकेक तुकडा शिकवा आणि घड्याळ लांब ठेवा.

कारखान्यात नवी बाई आली की आई नेमकं हेच करायची. जवळजवळ तयार झालेला शर्ट पुढ्यात ठेवायची, फक्त खालची दुमड बाकी. नवखीने तेवढी मारली की शर्ट पुरा. ते जमलं की एक पायरी मागे, कफ. मग कॉलर. पहिल्या महिन्यात कुणावर घड्याळ लावायचं नाही, हा तिचाच नियम. परक्या बायकांना दिलेली सवलत तिने पोटच्या पोरीला दिली नव्हती.

दुसऱ्या दिवसापासून आई पाच बटणं लावायची आणि सहावं भिंगरी. दोन महिन्यांनी आईची चार, भिंगरीची दोन. मध्येच कंटाळून आईने विचारलं, बटणांऐवजी वेल्क्रोची चिकटपट्टी लावून देऊ का. भिंगरी म्हणाली, "सगळ्यांना बटणं आहेत. मला पण बटणंच." विषय संपला. शाळेची चिठ्ठी आली तोवर आईकडे एकच बटण उरलं होतं.

शुक्रवारी मुख्याध्यापिकांनी थेरपिस्टचा अहवाल वाचला आणि घडी घालून परत केला. परीक्षा लेखी असते, वेळ सगळ्यांना सारखा असतो, असं त्या शांतपणे म्हणाल्या. एकीला सवलत दिली तर उद्या वीस पालक दारात उभे राहतील.

"राहू देत उभे," आई म्हणाली. "वीस मुलांना लागत असेल तर वीस जणांना द्या."

मुख्याध्यापिकांनी एक कोरा कागद भिंगरीपुढे सरकवला. घर ते शाळा या रस्त्याबद्दल दहा मिनिटांत लिही, असं त्या म्हणाल्या. भिंगरीने जाकीट काढून खुर्चीवर टाकलं आणि पेन्सिल मुठीत आवळली. दहा मिनिटांनी कागदावर अडीच ओळी होत्या, त्याही चढावर निघालेल्या.

"एवढंच?"

"लिहून एवढंच. बाकीचं सांगू?"

उत्तराची वाट न बघता ती सांगू लागली. टायरच्या दुकानातला कुत्रा नेहमी सगळ्यांत मोठ्या टायरमध्ये झोपतो. न्हावी सकाळी पाटी उलटी लावतो आणि मग बाहेर येऊन सुलटी करतो. कोपऱ्यावरच्या गटाराच्या जाळीला सात गज आहेत, तिसरी फट रुंद आहे. "तिथे माझा पाय अडकतो. म्हणून मी आधी थांबते, डावा पाय पलीकडे टाकते, मग उजवा. मैत्रिणी पुढे जातात. मी नंतर पोचते, पण पोचते."

मुख्याध्यापिकांनी अडीच ओळींचा कागद पुन्हा जवळ ओढला. त्या म्हणाल्या, "बघते मी."

"बघू नका, लिहून द्या. उत्तरं तोंडी घ्यायची आणि पास झाली तर तिसरीत बसवायची. आणि फाइलमधला तो आळशी शब्द खोडा."

शब्द खोडायला त्या तयार नव्हत्या. शिक्षिकेचा शेरा असतो, तो असा खोडत नाहीत. आई खुर्चीत मागे टेकून बसली. कारखान्यातून आजचा पूर्ण दिवस सुट्टी घेतली आहे, असं तिने सांगितलं. बाहेर पुढचे पालक खोकले. शेवटी मुख्याध्यापिकांनी दोन्ही लिहून दिलं आणि शेऱ्यावर एक सरळ रेघ मारली. आईने कागद शब्दन् शब्द वाचला, मग पर्समध्ये ठेवला.

भिंगरी दारात उभी राहून जाकीट घालत होती. आज तिने सगळी बटणं स्वतः घेतली होती. पहिलं लागलं, दुसरं लागलं. सहाव्यापाशी आल्यावर कळलं की वर एक काज रिकामं राहिलंय. दाराशी बसलेला शिपाई मदतीला वाकला. आईने त्याचा हात हळूच बाजूला केला.

मुख्याध्यापिकांनी भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. "पुढचे लोक थांबलेत," त्या म्हणाल्या.

"थांबू देत," आई म्हणाली आणि तिने दार उघडं धरलं.

भिंगरीने पाचही बटणं सोडली आणि पहिल्यापासून लावायला घेतली.