फणसाचा ड्रम आणि परका हात

मित्रांनो, मी एक जुना ड्रम आहे. रॉक बँडच्या वादकाच्या दोन गुडघ्यांमध्ये असतो ना, तो कडकडणारा ड्रम. माझे भाऊबंद कारखान्यात जन्मतात. मी मात्र जन्माने फणस. जावा बेटावरच्या मालांग शहरात पाक कार्यो नावाचे म्हातारे ढोल घडवायचे. पुतण्या कुंचोरोला रॉकचं वेड लागलं, तेव्हा त्यांनी त्याला यथेच्छ शिव्या घातल्या आणि मग खोड कोरून मला घडवलं. "वाजव काय वाजवायचं ते, पण लाकूड तरी आपलं असू दे," एवढंच म्हणाले.

कुंचोरोचा हात जड होता, पण जिवंत होता. गाणं रंगात आलं की मध्येच त्याची लय पुढे पळायची. त्याच्या 'लाहार' बँडमधले बाकीचे तिघे धापा टाकत त्याला गाठायचे आणि मैदानातली माणसं बेभान होऊन नाचायची. माझ्या काठावर तेव्हा किती घाव पडले! मला त्यांचा अभिमान होता.

मग जाकार्तात कॅसेट निघायची ठरली. ध्वनिमुद्रण करणाऱ्या मालकांनी दोनदा ऐकून तोंड वाकडं केलं. लय पळते म्हणाले. दुपारी कुंचोरोला जेवायला पाठवलं. तो बाहेरच्या गाडीवर निवांत कोंबडीचा रस्सा ओरपत होता, आणि आत एक अनोळखी माणूस माझ्यासमोर येऊन बसला. अर्ध्या तासात गाणं झालं, एक काठी इकडची तिकडे नाही. मित्रांनो, खोटं कशाला बोलू? त्याच्या हाताखाली मी जास्त गोड वाजलो. ते मला आजही सलतं.

कुंचोरो परतला तेव्हा गायक तेगुह म्हणाला, "मास, सकाळचंच ठेवलंय तुझं. झकास झालंय." थोरल्या भावाला म्हणतात तसं तो त्याला 'मास' म्हणायचा, म्हणून तर ते फसवणं मला जास्त लागलं.

कॅसेट आली. कुंचोरोने ती दोनदा ऐकली आणि माझ्यावर तळहात ठेवून नुसताच बसून राहिला. कुणाला जाब विचारला नाही. गाणं तुफान गाजलं. टीव्हीवर तर माझा आवाज येऊ नये म्हणून माझ्या पोटात चादर कोंबली आणि त्याने दुसऱ्याच्या वाजवण्यावर काठ्या फिरवल्या. मैदानातही लोकांना कॅसेटमधलंच हवं असायचं. मग त्याने तेच घोटायला घेतलं. दोन वर्षं, रोज, त्या परक्या माणसाची एकेक जागा.

त्याची आई, बू तुमिनी, लवंगांच्या सिगारेटी वळायला कारखान्यात जायची. तिथल्या बायका हीच कॅसेट लावून काम करायच्या आणि तिच्या मुलाचं कौतुक करून थकायच्या नाहीत. ती नुसती हसायची. ईदच्या दिवशी त्या सगळ्या कुंचोरोला ऐकायला घरी येणार होत्या. त्या सकाळी मात्र त्याला राहवेना. आई केळीच्या पानावर भाताच्या वड्या मांडत होती, तिच्यासमोर तो बसला.

"बू," त्याने आईला हाक मारली, "कॅसेटमध्ये मी नाही."

"माहितीये मला."

"कधीपासून?"

"पहिल्या दिवसापासून. तुझा हात पळतो रे. कॅसेटमधला कुठं पळतो? तू सांगशील म्हणून वाट बघत होते." मग ती म्हणाली, "बायका यायच्या आत मला तुझं वाजवून दाखव."

कुंचोरोचे डोळे भरून आले. त्याने काठ्या उचलल्या. मीही आनंदलो, वाटलं, आता पळेल, आता सुटेल. पण लय तसूभर हलली नाही. त्याने पुन्हा सुरुवात केली, मुद्दाम पुढे ढकलून पाहिलं, तर हात लंगडा पडला. तिसऱ्यांदा पुन्हा तेच, अगदी बिनचूक.

आईने शेवटपर्यंत ऐकलं, हात पुसले.

"हा तोच की रे," ती म्हणाली. "माझा कुठाय?"

त्या दिवशी त्याने बायकांसमोर खरं सांगून टाकलं आणि काठ्या ठेवून दिल्या. आता मी कपाटावर आहे. माझ्यावर पापडांचे डबे असतात.

मित्रांनो, माझ्यावरची धूळ राहू द्या. माझं मागणं वेगळं आहे. कुणाचा हात चुकत असेल तर त्याला रागवा, शिकवा, पुन्हा पुन्हा करायला लावा. पण त्याची पाठ वळताच त्याचं काम दुसऱ्याकडून उरकून घेऊ नका. मी ते होताना पाहिलं आहे, आणि त्यात मी गोड वाजलो आहे. कधीतरी कुंचोरो मला खाली काढेल आणि घाईघाईने, भलतंच चुकीचं वाजवेल, एवढ्याच आशेवर मी अजून फुटलेलो नाही.