आधी फुंकर, मग काकवी

मित्रांनो, मी एक जुने मातीचे भांडे आहे. पोट मोठे, तोंड लहान, आणि कानाजवळ एक टवका उडालेला. दिसायला मी यथातथाच. पण ओव्हनच्या मंद धगीत दिवसभर बसून राहण्यात माझा हात कोणी धरणार नाही, हे छातीठोकपणे सांगते.

कुंभाराने मला भट्टीतून काढले तेव्हा टिचकी मारून तो म्हणाला होता, "हे टिकणार!" त्याचा शब्द मी आजवर खाली पडू दिलेला नाही.

मला विकत घेतले शिवणकाम करणाऱ्या एका बाईंनी. घरात सगळे त्यांना आत्या म्हणतात. सुट्टीच्या दिवशी त्या भिजवलेला पांढरा घेवडा आधी पातेल्यात शिजवायच्या, मग माझ्यात भरायच्या. वर कांदा, टोमॅटो, मोहरीची पूड आणि काळीभोर काकवी. मला ओव्हनमध्ये ठेवून त्या मशीनवर बसायच्या. त्या त्यांचे काम करत, मी माझे. संध्याकाळी झाकण उघडले, की शेजारच्या बाई काहीतरी निमित्त काढून हमखास डोकवायच्या.

पुढे आत्यांचे हात थरथरू लागले. एकदा मी त्यांच्या हातून निसटले, आणि तो टवका गेला. त्यानंतर त्यांनी मला हातच लावला नाही. घरात पत्र्याच्या डब्यातला तयार घेवडा येऊ लागला आणि मी कपाटावर धूळ खात पडले. मला वाईट वाटले. फार वाईट वाटले.

एके दिवशी आत्यांचा भाचा पुदिन्याचे रोप घेऊन आला. "आत्या, त्या भांड्याला खाली भोक पाडतो आणि हे लावतो. नाहीतरी पडूनच आहे."

"पाड बाबा," आत्या म्हणाल्या. "माझ्या हातून आता काय होणार आहे?"

भोक! माझ्या पोटाला! माझे तर धाबेच दणाणले.

पण त्याची धाकटी बहीण तिथेच होती. ती लोकांच्या घरी वायरिंग करते, आणि हातात घेतलेले काम अर्धवट सोडणे तिला ठाऊक नाही. "थांब रे दादा," ती म्हणाली. "आधी मी यात घेवडा करून बघते. नाही जमला, तर खुशाल पाड."

दुसऱ्या सकाळी तिने रात्रभर भिजलेला घेवडा थेट माझ्यात ओतला आणि टोमॅटो, काकवी, सगळे एकदमच घातले. मी जीव तोडून तापले. संध्याकाळी पाहावे तर दाणे टणकच!

"अगं, आमचे दात पाडायचा विचार आहे का?" दादा म्हणाला. "भांडंच कामातून गेलंय." आणि तो ड्रिल आणायला उठला.

तिने मला दोन्ही हातांनी पोटाशी धरले. "उद्या पुन्हा करणार. आत्या, खरं सांग, माझं काय चुकलं?"

आत्यांनी एक टणक दाणा चिमटीत दाबून पाहिला. मग हळूच म्हणाल्या, "फुंकर राहिली."

रात्री पुन्हा घेवडा भिजला. सकाळी पातेले उकळू लागल्यावर भाचीने चमच्यात चार दाणे घेऊन आत्यांच्या तोंडासमोर धरले. आत्यांनी फुंकर मारली. साल जागची हलली नाही.

"अजून नाही. दाणा मऊ व्हायच्या आत टोमॅटो नि काकवी पडली, की तो हट्टाला पेटतो. मग कितीही तापव, शिजत नाही."

पुन्हा चमचा, पुन्हा फुंकर. पुन्हा नाही. मी ओट्यावर श्वास रोखून बसले होते. पुढच्या फुंकरीला मात्र साल उलगडून अलगद मागे वळली.

"आता!" आत्या केवढ्याने तरी ओरडल्या.

"आणि म्हणे माझ्या हातून काही होत नाही!" भाची हसली. "हात थरथरतात गं, फुंकर कुठे थरथरते?"

त्या दिवशी मी जसे काम केले, तसे उमेदीतही केले नव्हते. संध्याकाळी दादाने दोनदा वाढून घेतले, आणि शेवटी माझ्या काठाला लागलेली खरपूडसुद्धा चमच्याने खरवडून खाल्ली. तेवढ्यात शेजारच्या बाई सुई मागायला आल्या.

आता सुट्टीच्या दिवशी आत्या ओट्याशी खुर्ची टाकून बसतात. त्यांच्या फुंकरीशिवाय काकवीची बाटली उघडत नाही. म्हणून सांगते मित्रांनो, एखादी जुनी वस्तू निकामी झाली असे ठरवण्याआधी ती ज्याने वापरली त्याला एकदा विचारा. आणि त्यालाही कोपऱ्यात बसवू नका.

पुदिन्याचे विचाराल, तर तो खिडकीत छान वाढतो आहे. दादाने भोक पाडलेच. पण ते घेवड्याच्या रिकाम्या डब्याला.