मलिद्याची परात

मित्रांनो, मी एक जुनी परात आहे. तांब्याची, जाड काठाची, आणि वजनाला अशी की मला माळ्यावरून काढायचं म्हटलं की घरातली माणसं आधी एकमेकांची तोंडं बघतात. माझा मुक्काम मीरा रोडला, मिल्काबाई झिराडकरांच्या तिसऱ्या मजल्यावरच्या घरात. परातीला सांगण्यासारखं काय असणार, असं तुम्हाला वाटेल. मलाही तसंच वाटायचं. पण माझ्यावरून माणसं भांडली, आणि जिच्यावरून भांडण होतं तिला थोडं बोलायचा हक्क असतो.

माझा जन्म अलिबागचा. एका तांबटाने मला ठोकून ठोकून आकार दिला. त्या ठोक्यांबद्दल माझी तक्रार नाही, कारण त्यांच्यामुळेच पुढे मला कधी पोचा आला नाही. मला विकत घेतलं झिराडच्या एका तेलाचा घाणा चालवणाऱ्याने. हे घर बेने इस्राएलांचं, म्हणजे आपल्या कोकणातल्या यहुदी लोकांचं. पूर्वजांचं जहाज फुटलं आणि वाचलेली माणसं नवगावच्या किनाऱ्याला लागली, अशी हकीकत ते पोराबाळांना सांगत. शनिवारी त्यांचा घाणा बंद, म्हणून गाव त्यांना शनवार तेली म्हणे. बोलणं मराठी, नेसणं नऊवारी आणि प्रार्थना हिब्रूत. मला त्यात काही विचित्र दिसलं नाही. विचित्र काय ते माणसांनाच दिसतं.

या घरात मला एकच काम नेमून दिलं होतं, ते म्हणजे मलिद्याचं. लग्न ठरलं, नवस फिटला, दुखण्यातून कुणी उठलं की हे लोक एलियाहू संदेष्ट्याच्या नावाने मलिदा करतात. पोहे भिजवायचे, त्यात ओलं खोबरं, साखर, वेलची, बेदाणे घालायचे, वर फळं मांडायची, गुलाब आणि सब्जाची डहाळी ठेवायची. मग डोकी झाकून सगळे प्रार्थना म्हणतात आणि मलिदा वाटतात. एरवी मला कुणी हात लावायचा नाही. मासे-मटण तर माझ्या आसपासही फिरकू द्यायचे नाहीत. असा मान मिळाला की काम कमी आणि रुबाब जास्त. मी सुखात होते.

पुढे झिराडकर मुंबईला आले. तिथून निम्मे इस्राएलला गेले आणि उरलेले उपनगरात पांगले. मला कोण नेणार यावर तेव्हाही चर्चा झाली. विमानात वजन होईल म्हणून मी मागे राहिले आणि मिल्काबाईंच्या वाट्याला आले. त्यांचे यजमान वारल्यावर घरात त्या आणि मुलगी दीना एवढ्याच. इमारतीत त्या एकट्याच यहुदी. दाराच्या चौकटीला तिरका लावलेला मेझुझा, म्हणजे आत प्रार्थनेची गुंडाळी असलेली छोटी डबी, पाहून नवीन बिऱ्हाडं विचारत, "ये डोअरबेल है क्या?" मिल्काबाई सांगत, "नहीं, बेल नीचे है."

समोरच्या दारात सुगंधाताई राहायच्या. लालबागची खोली विकून इकडे आलेल्या. तोंडाने फटकळ, हाताने सढळ. पहिल्याच गणपतीला त्या मिल्काबाईंकडे आल्या आणि म्हणाल्या, "मिल्काताई, मोदकाची उकड मळायला मोठी परात हाय काय तुमच्याकडे? माझ्या सगळ्या टीचभर."

मलिद्याची परात घराबाहेर जात नाही, हा नियम. मिल्काबाई क्षणभर घुटमळल्या आणि म्हणाल्या, "न्या. फक्त मटण-मच्छी नका लावू."

"गणपतीत कोण लावतंय!" असं म्हणून सुगंधाताई मला कडेवर घेऊन गेल्या. खरं सांगते, मला फार बरं वाटलं. रुबाब कितीही असला तरी माळ्यावर बसून कंटाळा येतोच. दुसऱ्या दिवशी मी चिंचेने घासून लखलखीत होऊन परतले, आणि रिकामी नाही, आत मोदक. तेव्हापासून दर वर्षी माझं जाणं-येणं सुरू झालं. मिल्काबाईंनी नियम मोडला खरा, पण त्याचा कुणाला पत्ता नव्हता.

मग दीनाचं लग्न ठरलं. मुलगा एलान, इस्राएलमधल्या अश्दोदचा, तोही बेने इस्राएलच. त्याची आई याफाबाई. इथे होत्या तेव्हा त्यांचं नाव प्रभावती. भायखळ्याची ही मुलगी शाळकरी वयात आईबापांबरोबर इस्राएलला गेली आणि तिकडे याफा झाली. लग्न ठाण्याच्या सिनेगॉगमध्ये, आणि त्याआधी घरी मलिदा, असं ठरलं.

मलिद्याच्या आधी दोन दिवस सुगंधाताईंकडे सत्यनारायण होता. प्रसादाचा शिरा माझ्यातच कालवला गेला. मलिद्याच्या सकाळी त्यांनी मला घासून पुसून परत आणलं. पण या वेळी त्यांच्या मनात आलं, दीनाच्या लग्नाचं भांडं आहे, असं कोरडं कसं द्यायचं? म्हणून त्यांनी माझ्या काठाला हळदीकुंकवाची बोटं लावली, आत नारळ ठेवला आणि दारातच मला मिल्काबाईंच्या हातात दिलं. "पोरीचं चांगलं होऊ दे," म्हणाल्या. डोळे भरले होते त्यांचे. दीनाला त्यांनी अंगाखांद्यावर खेळवलं होतं.

मिल्काबाईंनी मला तशीच आत नेऊन ओट्यावर ठेवलं. पुसायचं त्यांच्या लक्षात होतं, पण तेवढ्यात बेल वाजली. याफाबाई आणि एलान ठरल्या वेळेच्या आधीच आले होते. याफाबाई सरळ स्वयंपाकघरात आल्या आणि माझ्यासमोर थबकल्या.

"हे काय आहे, विहीणबाई?"

"शेजारणीने लावलंय. पुसते आता."

"शेजारणीने? मलिद्याच्या परातीला? परात तिच्याकडे कशाला गेली होती?" त्यांचं मराठी जुनं होतं, भायखळ्यातून निघताना जेवढं बरोबर नेलं तेवढंच. "तुम्हाला इथे बसून कळायचं नाही. आम्ही तिकडे उतरलो तेव्हा आम्हालाच विचारलं, तुम्ही खरे यहुदी का? माझ्या बापाला विचारलं! शाळेत पोरी मला हिंदू म्हणून हाक मारायच्या. जन्म गेला माझा ते पुसण्यात. आता मुलाच्या लग्नाचे फोटो तिकडे सगळे बघणार. त्यात हे दिसलं तर? मलिदा नकोच. नुसती प्रार्थना करू, केक कापू."

"मलिद्याशिवाय मी मुलीला घराबाहेर काढणार नाही," मिल्काबाई म्हणाल्या. आवाज मात्र चढवला नाही. "लग्न राहिलं तरी चालेल."

"मम्मी!" दीना म्हणाली.

आणि याच वेळी सुगंधाताई उघड्या दारातून आत आल्या होत्या. हातात गुलाबांचा पुडा. मलिद्याला लागतात म्हणून पहाटे भाईंदरच्या बाजारातून आणलेले. सगळं त्यांनी ऐकलं होतं. फटकळ बाई, पण भांडल्या नाहीत. पुढे झाल्या आणि स्वतःच्या पदराने माझा काठ पुसायला लागल्या. ओलं कुंकू पुसलं की पसरतं. ते पसरलं. "चुकलं माझं," एवढंच म्हणाल्या, पुडा ओट्यावर ठेवला आणि गेल्या. मिल्काबाईंनी हाक मारली, पण समोरचं दार लागलं होतं.

दीनाला काहीतरी करणं भाग होतं, म्हणून तिने मला धुतलं, भिजलेले पोहे माझ्यात ओतले आणि रडत रडत मुठीने दाबून कालवायला लागली. याफाबाई थोडा वेळ खिडकीबाहेर बघत उभ्या राहिल्या. मग त्यांची नजर वळलीच.

"अगं, अशी चेपू नकोस! गोळे होतील. हो बाजूला."

त्यांनी बांगड्या मागे सारल्या आणि बोटांच्या टोकांनी पोहे मोकळे करायला घेतले. "खोबरं कमी आहे," त्या माझ्याकडेच बघत म्हणाल्या. "माझी आई नारळ मोजायची नाही." मिल्काबाई आणखी नारळ खवायला बसल्या. खोबऱ्यानंतर साखर आली, वेलची आली, फळं आली आणि गुलाबही आले. मलिदा झाला. हट्ट कुणी सोडला ते मला सांगता येणार नाही. हात सुरू झाले होते, एवढं मी पाहिलं.

प्रार्थना झाल्यावर एलानने मोबाइल वर धरला. माझ्या काठावर एके ठिकाणी कुंकवाचा लाल डाग अजून दिसत होता. याफाबाईंनी तो पाहिला. फडकं हाताशीच होतं, पण त्यांनी ते उचललं नाही. त्या माझ्याशेजारी बसल्या, त्या डागावर आपला तळवा ठेवला आणि मुलाला म्हणाल्या, "काढ." फोटोत त्या जागी फक्त त्यांचा हात आहे.

लग्न झालं, दीना गेली. घर रिकामं झालं. मी माळ्यावर, माझ्यावर जुने पडदे आणि त्यावर बंद पडलेला मिक्सर. सुगंधाताई भेटल्या की हसायच्या, भाजीचे भाव बोलायच्या, पण आत यायच्या नाहीत. मिल्काबाईंनी दोनदा बोलवून पाहिलं. "येते हो," म्हणायच्या. श्रावण सरला, गणपती उद्यावर आले, तरी मला मागायला कुणी आलं नाही. समोरच्या घरात गिरणीतून आलेली पिठीची पिशवी मिल्काबाईंना दिसली होती, म्हणजे मोदक व्हायचे होते. त्या दिवशी मिल्काबाईंना जेवण गेलं नाही.

संध्याकाळी त्या स्टुलावर चढल्या. गुडघे दुखतात त्यांचे. मिक्सर काढला, पडदे काढले, मला ओढून छातीशी धरलं आणि तशाच समोरच्या दारात जाऊन उभ्या राहिल्या.

सुगंधाताईंनी दार उघडलं. मला पाहिलं आणि मागे सरकल्या. "नको हो, मिल्काताई. मी स्टीलची आणलीय. पुन्हा माझ्या हातून काहीतरी व्हायचं."

"होऊ दे."

"सवय वाईट माझी. शुभकार्य म्हटलं की बोटं आपोआप कुंकवात जातात."

"मग लावा," मिल्काबाई म्हणाल्या. "तुमच्या घरात आहे तोवर लावा. माझ्या घरी आली की मी पुसेन. त्यात रडायचं काय आहे?"

रडत दोघीही होत्या. सुगंधाताईंनी मला ओढून घेतलं आणि आतल्या सुनेवर ओरडल्या, "ती स्टीलची उचल तिथनं!"

तर मित्रांनो, माझी एवढीच विनंती आहे. घरातलं जुनं भांडं जपायचं असेल तर त्याला नुसतं माळ्यावर ठेवू नका. ते काढा, वापरा, आणि शेजारी मागायला आले तर द्या. मागायला यायचे थांबले, तर आपण घेऊन जा.