कुंदनची वही

राजापेठेतल्या त्या दोन खोल्यांत दामिनी भाकरी थापत होती आणि धाकटा दीर अमोल दारातून तिच्यावर डोळा ठेवून होता. नवरा कुंदन जाऊन दीड वर्ष झालं. तेव्हापासून तिचं गुणगुणणंसुद्धा या घरात संशयाचं झालंय.

कुंदन संगीतकार. सहा मालिकांची शीर्षकगीतं, दोन चित्रपट. बाहेर त्याला फारसं कुणी ओळखत नसे, पण घरात केवढा तोरा! त्याच्या चालींची वही अमोलनं लाल फडक्यात गुंडाळून देवघरात ठेवली, रोज हळदकुंकू वाहिलं. ती उघडून बघायची बुद्धी मात्र एकालाही झाली नाही.

आणि मग दामिनीनं मुंबईला एका मालिकेसाठी नवी चाल पाठवली. ती पसंत पडली. झालं, अमोलचं डोकं फिरलं.

आज मालिकेचे निर्माते ओमप्रकाश स्वतःच घरी आले होते. संगीतकार म्हणून नाव कुणाचं द्यायचं, एवढंच ठरवायचं होतं.

"साहेब, चाल भावाची हाये," अमोल म्हणाला. "वयनीनं त्याच्या वहीतून उचलली. नाव भावाचंच टाका. आमच्या घरच्या विधवेचं नाव टीव्हीवर? लोक काय म्हनतीन?"

ओमप्रकाशांनाही शंका आलीच. "बाई, एक ओळ देतो. आत्ता चाल लावून दाखवता?"

"नाही," दामिनी म्हणाली. हात पिठानं भरलेलेच होते. "माह्या नवऱ्याले कधी परीक्षा द्या लागली व्हती? चाल माह्या नावानं जाईन, नाही तं जानारच नाही."

"पाहा, येतच नाही तिले!" अमोलनं तावातावानं वही आणली, फडकं सोडलं. पानोपानी दामिनीचं अक्षर. खाडाखोडी, कडेला तिखटाचे डाग.

अमोल जरा चपापला. मग म्हणाला, "मंग काय? तो सांगे, वयनी लिहे."

घ्या! माणसाला विश्वास ठेवायचाच नसला की हे असं.

तेव्हा कोपऱ्यात गहू निवडत बसलेली सासू मैनाबाई बोलली. "बस कर, अमोल. दामिनी सैपाक करता करता चाल लावे, अन् कुंदन पेटीवर पाठ करे. म्या इथं बसून सारं आयकलं. बाईचं नाव नाही पायजे, हे मीच म्हनलं व्हतं."

ओमप्रकाशांनी मुकाट्यानं कागद काढला आणि दामिनीचं नाव लिहिलं.

दामिनीचं तिकडे लक्षच नव्हतं. ती संतापून सासूकडे वळली. "आई, लग्नापासून बारा वर्सं तुमाले मालूम व्हतं? काल भाऊजीनं मले चोर म्हनलं, तवाबी?"

मैनाबाईनं तोंडाला पदर लावला. "पोराचं नाव गेलं असतं वो, बाई."

"अन् माहं?"

मैनाबाई पुन्हा गहू निवडू लागली. वाचकहो, आपल्या घरातल्या बाईचं काय काय आपल्या नावावर खपतं, हे तुम्हालाही ठाऊक आहे. मैनाबाईला होतं, तितकंच.